अर्जाच्या समासात मी काय लिहिलं होतं

माझा चेहरा आजवर चार माहितीपटांत दिसला आहे. चारही वेळा त्याखाली पांढरी पट्टी येते, 'माजी अतिरिक्त सरकारी वकील', आणि चारही वेळा मी एकच प्रसंग सांगतो. तो प्रसंग खरा आहे. त्यातलं एक वाक्य खोटं आहे. त्या वाक्यामुळे एका तरुण वकिलाला त्याच्या घरच्या माणसांनी खोटारडा ठरवलं. मी एक फोन केला असता तर ते थांबलं असतं. मी केला नाही.

हे समजायला आमच्या कामाची एक पद्धत माहीत हवी. आरोपीच्या वकिलाने अर्ज दिला की न्यायाधीश त्यावर सरकारी वकिलाचं म्हणणं मागवतात. कागदोपत्री शब्द 'म्हणणे' असाच आहे, पण कल्याणच्या कोर्टात शिपायापासून वरपर्यंत सगळे त्याला 'से' म्हणतात. से वेगळ्या कागदावर लिहायला कोणाला वेळ नसतो. अर्जाच्याच डाव्या समासात, उभ्या उभ्या, इंग्रजीत एक-दोन ओळी लिहायच्या आणि खाली सही करायची. विरोध असेल तर सक्त हरकत आहे असं लिहायचं. विरोध नसेल तर हरकत नाही. आणि यातलं काहीच अंगावर घ्यायचं नसेल तर लिहायचं, 'तपासी अंमलदाराचा से मागवावा'. म्हणजे तपास करणाऱ्या पोलीस अधिकाऱ्याला विचारा, मग बघू. ही ओळ फार सोयीची असते. ती लिहिणारा हो म्हणालेला नसतो आणि नाहीही म्हणालेला नसतो. त्याच्या हातून फक्त एक दिवस जातो, आणि तो दिवस त्याचा नसतो.

मानपाड्याच्या पुढे असलेल्या एका गावात त्या वर्षी जमिनीची मोजणी आली. सरकारी प्रकल्पासाठी जमीन जाणार होती. गावकरी आडवे पडले, दगड आले, एका मोजणीदाराचं डोकं फुटलं. पोलिसांनी गावातले बरेच जण उचलले. दंगल, सरकारी कामात अडथळा, अशी कलमं लागली. त्यांच्या जामिनाला मी सक्त हरकत घेतली. ते माझं काम होतं, आणि आजही मला त्या हरकतीची लाज वाटत नाही. मला लाज वाटते ती त्यानंतरच्या एका सकाळची.

त्या अटकेतल्यांपैकी एक जण एमआयडीसीतल्या कारखान्यात फिटर होता. एकुलता एक मुलगा. तो जेलमध्ये असताना पहाटे त्याचा बाप वारला. त्याच्या मावसभावाने, म्हणजे ज्या तरुण वकिलाचा मी वर उल्लेख केला त्याने, कोर्ट उघडताच अर्ज दिला. अंत्यविधीसाठी दोन दिवसांचा तात्पुरता जामीन. वकिली सुरू करून त्याला दोन वर्षंही झाली नव्हती. अर्ज हाताने लिहिलेला होता. टायपिस्ट यायची त्याने वाट पाहिली नव्हती. दाराशी आरोपीची बायको उभी होती, पदर तोंडावर धरून.

अर्ज माझ्यापुढे आला. 'हरकत नाही' लिहायला मला दोन सेकंद लागले असते. माझ्या डोक्यात तेव्हा काय चाललं होतं ते मी प्रामाणिकपणे सांगतो. माझ्या फेरनेमणुकीची फाइल मंत्रालयात होती. या प्रकरणाकडे वरून लक्ष होतं. हा बाहेर गेला, गावात प्रेतयात्रेला जमाव जमला, काही झालं, तर मी लिहून दिलेलं सापडेल. मी समासात तपासी अंमलदाराचा से मागवावा अशी ओळ लिहिली, सही केली, पेनाला टोपण लावलं आणि पुढचा अर्ज घेतला. माझ्या ओळीखाली आदेश झाला, से उद्या दाखल करावा. आदेश रीतसर होता. त्या अधिकाऱ्याचा नंबर माझ्या मोबाइलमध्ये होता. फोन लावला असता तर त्याने तासाभरात से पाठवला असता. मी जेवायला गेलो.

दुसऱ्या दिवशी तो अधिकारी बंदोबस्तावर होता. से तिसऱ्या दिवशी आला: हरकत नाही. तोवर गावाने वाट बघून बघून प्रेत उचललं होतं. अग्नी पुतण्याने दिला. अर्ज निरर्थक ठरला म्हणून निकाली निघाला, आणि संध्याकाळपर्यंत मी तो विसरलो.

नंतर सरकार बदललं. आमची पदं सरकारच्या मर्जीची असतात, नवं सरकार आपली माणसं नेमतं. फेरनेमणूक राहिली बाजूला, कोर्टातली केबिनही आठवड्याभरात सोडावी लागली. त्या गावावरचे खटले नव्या सरकारने मागे घेतले. ज्या खटल्यांसाठी मी जीव तोडून उभा राहिलो होतो ते एका परिपत्रकाने संपले. मला राग आला होता. राग आलेल्या माणसाला आपण फार सज्जन आहोत असं वाटू लागतं, हे मला तेव्हा माहीत नव्हतं.

त्याच सुमारास ती दिग्दर्शिका आली. ठाण्याची मुलगी, तिशीची, अभ्यासू, नम्र. जमिनीच्या आंदोलनांवर माहितीपट करत होती. सरकारच्या बाजूचं कोणी बोलायला तयार नव्हतं. माझ्या डोंबिवलीच्या घरात कॅमेरा लागला. तिने विचारलं, "सर, कोट घालाल का?"

"आता पदावर नाहीये मी," मी म्हणालो.

"वकील तर आहात ना."

मी कोट घातला. मग मागची भिंत आली. आमच्या कपाटात बायकोचे दिवाळी अंक आणि स्टीलचे डबे. माझी पुस्तकं केबिन सोडताना गोण्यांत भरून माळ्यावर गेली होती. दुसऱ्या मजल्यावर एक वकील राहतात, त्यांच्याकडून निवाड्यांचे पंचवीस-तीस जाडे खंड आणले. कॅमेरामननेच जिन्याने वर चढवले. ते खंड मी आयुष्यात उघडलेले नव्हते. पुढे दोन दिवस ते आमच्या कपाटात होते. तेव्हा बायको म्हणाली, "परत द्यायचे की राहू द्यायचे? अजून कोणी येणार असेल तर पुन्हा जिने नकोत."

तासभर मी कायदा समजावून सांगितला. दिग्दर्शिका मान हलवत होती, पण तिच्या तोंडावर मला कंटाळा दिसत होता. शेवटी तिने विचारलं, "सर, आपण करतोय ते चुकतंय, असं कधी वाटलं?"

मी त्या अर्जाची गोष्ट सांगायला लागलो. पहाटेचा मृत्यू, हाताने लिहिलेला अर्ज, दाराशी उभी बाई. खोलीतली हवा बदलली. कॅमेरामनने कॅमेऱ्याला लावलेला डोळा काढून माझ्याकडे बघितलं. आणि जिथे खरं सांगायचं होतं तिथे मी म्हणालो, "मी लिहून दिलं, हरकत नाही. तरीसुद्धा त्याला बापाचं तोंड बघायला मिळालं नाही. यंत्रणा अशी असते."

मी हे ठरवून बोललो नाही. पण चुकूनही बोललो नाही. वाक्य तोंडातून निघताना ते खोटं आहे हे मला कळत होतं, आणि ते परत घ्यायला भरपूर वेळ होता. कॅमेरा बंद झाला, चहा झाला, वायरी गुंडाळल्या गेल्या. दिग्दर्शिका दारात म्हणाली, "सर, तुमच्यासारखी माणसं असतात आत, हे लोकांना कळायला हवं." मी म्हणालो, "पुन्हा या."

माहितीपट आला तेव्हा आम्ही दोघांनी लॅपटॉपवर बघितला. माझ्या वाक्यानंतर तिने थोडी शांतता ठेवली होती, मग रिकाम्या शेतात एक बगळा. भांडी आवरताना बायको म्हणाली, "हे तुम्ही मला कधी सांगितलं नव्हतंत."

"विसरलो असेन."

"अहो, कोर्टाच्या जिन्याखाली मांजर व्याली तेसुद्धा तुम्ही मला घरी येऊन सांगितलं होतंत."

मी टीव्ही लावला. ती परत त्यावर बोलली नाही. तिचं ते न बोलणं मी पुढची काही वर्षं संमती समजत राहिलो.

माझी ठाण्यात भाषणं झाली. शाली मिळाल्या, त्या बायकोने कामवाल्या बाईला आणि सोसायटीच्या वॉचमनला देऊन टाकल्या. दुसऱ्या माहितीपटवाल्यांनी मला कोलशेतला खाडीच्या कडेने चालायला लावलं. "सर, नुसते चाला. चेहऱ्यावर विचार असू द्या." मी सहा वेळा चाललो. पाचव्यांदा चिखलात चप्पल अडकली, तो भाग त्यांनी वगळला. दर वेळी तो प्रसंग थोडा वाढत गेला. दुसऱ्या वेळी बाई रडत होती. तिसऱ्या वेळी न्यायाधीशांनी माझ्याकडे वर मान करून पाहिलं होतं. चौथ्या वेळी लिहिताना माझा हात थरथरत होता.

तिसऱ्या माहितीपटाआधी दिग्दर्शकाला तो मूळ अर्ज दाखवायचा होता. मी कोर्टात जाऊन चौकशी केली. असल्या किरकोळ अर्जांचे कागद ठराविक मुदतीनंतर नियमाने नष्ट करतात, तसा तोही झाला होता. कारकुनाने ते सांगितलं तेव्हा मला हायसं वाटलं. बाहेर येऊन मी उसाचा रस प्यायलो. तो रस मला अजून आठवतो.

त्यानंतर काही महिन्यांनी एका रविवारी सकाळी तो तरुण वकील घरी आला. आता तितका तरुण राहिला नव्हता, कानाजवळ केस पिकले होते. चपला बाहेर नीट जोडीने काढून तो सोफ्याच्या कडेला बसला.

"सर, तो अर्ज मीच दिलेला. मोजणीच्या केसमधला."

"हो हो. आठवतंय."

"तुम्ही तपासी अंमलदाराचा से मागवा असं लिहिलेलं." तो जमिनीकडे बघत बोलत होता. "तुमच्या लक्षात राहिलं नसेल. रोजचे एवढे अर्ज असतात."

त्याने मला सुटायची वाट स्वतःच काढून दिली होती. मी चहाचा कप त्याच्यापुढे सरकवला.

"माझ्या मावसभावाने, दादाने, तो पिक्चर बघितला. तेव्हापासून बोलत नाही माझ्याशी. म्हणतो, सरकारी वकील हो म्हणतो आणि तू घरचा असून दोन दिवस काय करत होतास? मी म्हटलं, अरे, पोलीस ठाण्याच्या पायऱ्यांवर बसून होतो. तो म्हणतो, खोटं बोलतोस. गावातले लोक आता मला केसेस देत नाहीत सर, त्याचं काही नाही. परवा पुतणीची हळद झाली. सगळा गाव जेवला. मला पत्रिका नाही."

आगऱ्यांच्या गावात हळदीला न बोलावणं म्हणजे काय, हे इथे राहणाऱ्या कोणालाही सांगावं लागत नाही. लग्नाला नाही बोलावलं तर लोक निमित्त शोधतात. हळदीला नाही बोलावलं तर माणूस घरातून काढला. तो गाव सोडून आईला घेऊन कोपरला भाड्याने राहायला आला होता.

"तुम्ही फक्त त्याला एक फोन करा. तुमचं ऐकेल तो. तुम्हाला देव मानतो."

मी म्हणालो, "कागद बघावा लागेल."

तो कागद नष्ट झालाय हे मला माहीत होतं. हे वाक्य मी कॅमेऱ्यासमोर म्हटलेल्या वाक्यापेक्षा वाईट होतं, कारण इथे खोलीत दुसरं कोणी नव्हतं, टाळ्या नव्हत्या, आणि समोर तो बसला होता.

"मी नकलेसाठी अर्ज केलेला सर. कागद नष्ट झालेत म्हणाले."

"मग अवघड आहे," मी म्हणालो. "इतक्या वर्षांनी, कागदाशिवाय, नुसत्या आठवणीवर..."

त्याने वर बघितलं. त्याला कळलं. मला आठवतंय हे त्याला नक्की कळलं. तो म्हणाला, "ठीक आहे सर." कप उचलून तो स्वतः स्वयंपाकघरात ठेवायला गेला. तिथे माझी बायको ओट्याशी उभी होती. तिने त्याच्या हातातून कप घेतला आणि म्हणाली, "बाळा, जेवून जा." तो थांबला नाही.

तो गेल्यावर ती बाहेर आली. "कशाला आला होता तो?"

"असंच."

"मी ऐकलं," ती म्हणाली. त्या दिवशी तिने मला वाढलं आणि स्वतः आत ओट्याशी बसून जेवली.

चौथा माहितीपट पूर्ण झाल्यावर तो त्याच गावात दाखवायचं ठरलं. देवळाशेजारच्या सभागृहात, रविवारी सकाळी, प्रमुख पाहुणा मी. आमंत्रणाचा फोन त्या फिटरचाच आला. जेलमध्ये असताना त्याची नोकरी गेली होती, आता त्याचा स्वतःचा टेम्पो होता. मी कारणं सांगितली. तो म्हणाला, "साहेब, कारना नको. मी येतो घ्यायला."

निघताना बायकोने कपाटातला कोट काढून पलंगावर ठेवला. "हा घालायचा की नाही ते तुम्ही ठरवा," म्हणाली. मी नाही घातला. त्यात फार काही साधलं असं मला वाटत नाही.

टेम्पोत पुढे दोघंच होतो. मानपाडा रोडला तुंबलेल्या रहदारीत तो बोलत होता. "साहेब, तुमी समोरचे. तरी माझ्या बाबासाठी लिवलंत. नि आमचा मावसभाव, घरचा, त्यानं काय केला? फिरला म्हनतो. कवरा फिरला तो देवाला म्हाईत." मी म्हणालो, "लहान होता तेव्हा तो." एवढंच म्हणू शकलो. तो म्हणाला, "तुमचा मन मोठा हाय."

सभागृहात पन्नास-साठ माणसं होती. पडद्याच्या बाजूला खुर्चीवर त्याच्या बापाचा फोटो. कार्यक्रमाची सुरुवात त्या फोटोला हार घालून होणार होती, आणि हार माझ्या हातात दिला गेला. झेंडूचा ओला हार. त्या माणसाचं तोंड त्याच्या मुलाला शेवटचं बघता आलं नाही कारण मी जेवायला गेलो होतो. मी हार घातला. हात जोडले. कोणीतरी फोटो काढला. त्या क्षणापर्यंत मला वाटत होतं की वेळ मिळेल तेव्हा सांगू. हार घालून मागे वळताना कळलं, की असंच चालू राहिलं तर मी याहून काहीही करू शकेन.

माहितीपट लागला. पडद्यावर मी मोठा दिसत होतो. हात थरथरत होता, असं सांगताना मी हात खरोखर थोडा उचलून दाखवला होता. ते मी विसरलो होतो. पुढे बसलेल्या एका म्हातारीने डोळे पुसले.

मग शाल आली, नारळ आला, माइक आला. मी म्हणालो, "मी तुम्हाला एक सांगायला आलोय. मी त्या अर्जावर हरकत नाही असं लिहिलंच नव्हतं. पोलिसांचा से मागवा, असं लिहिलं होतं. त्यामुळे उशीर झाला. तुमच्या गावातल्या वकिलाची काही चूक नव्हती. हे पडद्यावरचं खोटं आहे."

मग सूत्रसंचालन करणारे शाळामास्तर पुढे आले, त्यांनी माझ्या हातातून हळूच माइक घेतला आणि म्हणाले, "बघा मंडळी. दुसऱ्याची चूकही साहेब स्वतःच्या डोक्यावर घेतायत. याला म्हणतात मोठेपणा." टाळ्या पडल्या. खूप वेळ पडल्या. फिटर हात जोडून माझ्याकडे बघत होता.

मला त्या टाळ्यांत ओरडून सांगता आलं असतं. मी खाली बसलो. खरं सांगून मोकळा झालो आणि इज्जतही गेली नाही, असा एक सुटकेचा विचार माझ्या मनात येऊन गेला. तो मी इथे लपवत नाही.

लोक नाश्त्याला उठले तेव्हा ती बाई माझ्यापाशी आली. फिटरची बायको. कोर्टाच्या दाराशी पाहिली होती तिला, त्यानंतर कधी नाही. माझ्या कल्पनेत ती तीन माहितीपटांत रडत होती. प्रत्यक्षात तिचा चेहरा कोरडा होता.

"साहेब, तुमी आता बोललंत तां खरा हाय ना?"

"हो."

"मना म्हाईत होतं."

नवरा मागे आला होता. "काय म्हाईत होतं तुना?"

"मी दाराशी हुबी होती. साहेबांनी लिवलं, पेनाला टोपण लावलं, नि दुसरा कागद घेतला." ती नवऱ्याला सांगत होती, पण बघत माझ्याकडे होती. "मना इंग्रजी वाचाया येत नाय. पन साहेब, हो लिवलं आसतं, तं तुमी वर बगलं आसतं."

नवरा म्हणाला, "तू मना बोललीस कनाला नाय?"

"बोलली. तू म्हनलास, तुना वाचता येतं काय."

तो खुर्चीवर बसला. हातातली शिऱ्याची प्लेट त्याने बाजूला ठेवली. मी माफी मागायला तोंड उघडलं तर ती म्हणाली, "बोलू नका. बोलून लय जाला तुमचा. लिवून द्या."

ती गेली आणि कुणाच्या तरी वहीचा कागद फाडून घेऊन आली. डावीकडे लाल रेघेचा समास. मी कोणीतरी दिलेलं पुस्तक गुडघ्यावर ठेवून मराठीत लिहिलं. अर्ज कधी आला, समासात मी काय लिहिलं, फोन केला नाही, कॅमेऱ्यासमोर काय बोललो, वकील घरी आला तेव्हा काय म्हणालो. पान भरलं. ती म्हणाली, "वाचून दाखवा." मी वाचून दाखवलं. मास्तर जवळच पाण्याचे पेले गोळा करत होते, ते जागीच थांबले. या वेळी कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत. मी उठलो तेव्हा तिने खुर्चीवरची शाल उचलून घडी घातली आणि म्हणाली, "ही ऱ्हाऊ दे इथं."

फिटर म्हणाला, "चला." कुठे ते विचारावं लागलं नाही.

टेम्पो कोपरला आला. रेल्वे फाटकाच्या बाजूची जुनी इमारत, तिसरा मजला, लिफ्ट नाही. मी मागून चढत होतो. दार वकिलानेच उघडलं, घरच्या कपड्यांत, हातात कांदा चिरायची सुरी. आम्हा दोघांना एकत्र बघून तो बाजूला झाला. फिटरने कागद पुढे केला. त्याने सुरी स्टुलावर ठेवली, हात लेंग्याला पुसले आणि उंबऱ्यात उभं राहूनच पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत वाचलं. वकील वाचतात तसं, बोट न फिरवता, सावकाश.

वाचून झाल्यावर तो म्हणाला, "सर, सही आहे. तारीख राहिली."

मी कागद घेतला, दाराच्या चौकटीवर टेकवून तारीख घातली आणि परत दिला. देताना त्याच्याकडे बघायचा प्रयत्न केला. त्याने नजर कागदावरच ठेवली.

फिटर म्हणाला, "तू बोलत होतास तां खरा होतं."

"खरं होतं ते मला माहीत होतं, दादा," तो म्हणाला. मग स्टुलावरची सुरी उचलून, "आत ये. आई आहे."

फिटर आत गेला. दार उघडंच राहिलं, पण मला कोणी आत बोलावलं नाही, आणि बोलवायला हवं असं मला वाटलंही नाही. आतून म्हातारीचं बोलणं ऐकू येत होतं, किती वाळलास रे, असं काहीतरी. मी जिना उतरलो.

खाली रस्त्यावर उभं राहून पहिल्या माहितीपटाच्या दिग्दर्शिकेला फोन लावला. सगळं सांगितलं. तिने मध्ये एकदाही अडवलं नाही. शेवटी म्हणाली, "सर, हे तुम्ही कॅमेऱ्यासमोर सांगाल? आत्ता सांगितलंत तसंच. लोकांपर्यंत जायला हवं."

हो, असं माझ्या मनात लगेच आलं. खुर्ची कुठे ठेवायची, खिडकीचा उजेड कुठून घ्यायचा, हेही आलं. आवाज कुठे घोगरा होईल तेही मला माहीत होतं. जिना उतरून मला पाच मिनिटंही झाली नव्हती. कोट घालू का, हे शब्द माझ्या ओठांपर्यंत आले होते.

"नको," मी म्हणालो. "मी लिहून देतो."